चारशे खेळांच्या यंत्रात शिरताना

महाशिवरात्रीला अंबरनाथ पूर्वेच्या शिवमंदिराभोवती मोठी जत्रा भरते. इ.स. १०६० चा शिलालेख असलेल्या या शिलाहारकालीन मंदिराचं दर्शन घेऊन बाहेर पडलेली मंडळी खेळण्यांच्या दुकानांपाशी रेंगाळतात. तिथे पिपाण्या आणि फुग्यांच्या शेजारी हातात मावणारे व्हिडिओ गेमही मांडलेले असतात. करड्या पडद्याच्या, दोन पेन्सिल सेलांवर चालणाऱ्या गेमच्या खोक्यावर ‘९९९९ इन १’ लिहिलेलं असतं. रंगीत पडद्याच्या आणि चार्जिंगच्या गेमवर ‘४०० इन १’. आजी-आजोबा नातवंडांसाठी यातला एखादा घरी आणतात. सेल भरले जातात, बटण दाबलं जातं, पडद्यावर काहीतरी नाचू लागतं आणि थोड्याच वेळात तक्रार येते: ‘आजोबा, यात एकच गेम आहे!’

खोक्यात माहितीचा कागद बहुधा नसतो. असला तर तो इतक्या बारीक आणि मोडक्या इंग्रजीत असतो की वाचून काही हाती लागत नाही. मग यंत्र कपाटात जातं. मला याचं वाईट वाटतं, कारण खेळ आत असतात. त्यांच्यापर्यंत जायची वाट यंत्र कसं घडवलं आहे यावरून ठरलेली असते. ती घडण एकदा समजली की मॉडेल कुठलंही हातात येवो, कागदावाचून त्यातला हवा तो खेळ शोधून लावता येतो.

आधी करड्या पडद्याचा गेम घेऊ. याला सगळे ब्रिक गेम म्हणतात. नव्वदच्या दशकापासून तो आपल्या बाजारात आहे आणि अजूनही मिळतो. त्याचा पडदा म्हणजे दहा उभे आणि वीस आडवे असे २०० चौकोन. उजव्या बाजूच्या पट्टीत स्कोअर, पुढे येणारी वीट, स्पीड, लेव्हल आणि खेळ थांबवल्याची खूण. पडदा उजेडात जरा तिरका धरा, म्हणजे न उमटलेले चौकोनही पुसट दिसतील. ते काचेवर कायमचे घडवलेले असतात. दोन काचांमध्ये द्रवस्फटिकाचा पातळ थर असतो आणि ज्या चौकोनाला वीज मिळते तेवढाच काळा होतो. यापलीकडे या पडद्याला काहीही दाखवता येत नाही. म्हणून त्यातली मोटार चौकोनांची, साप चौकोनांचा आणि रणगाडाही चौकोनांचाच.

चालू केल्यावर यंत्र आधी छोटीशी धून वाजवतं आणि खोक्यावरचा आकडा मिरवतं. स्टार्ट दाबला की निवडीचा पडदा येतो. वरच्या भागात एक मोठं इंग्रजी अक्षर, बहुधा ‘ए’, आणि खाली त्या खेळाची झलक. इथेच बहुतेकांची फसगत होते. झलक आपली आपण चालत असते. विटा पडतात, मोटार धावते, आणि मुलाला वाटतं की खेळ सुरू झाला. ते बाण दाबतं, पण मोटार वळत नाही. खरं तर त्या प्रत्येक दाबण्याने बाजूच्या पट्टीतला एखादा आकडा बदलत असतो, पण तिकडे कुणाचं लक्ष नसतं.

अशा वेळी एकच पद्धत उपयोगी पडते. प्रत्येक बटण फक्त एकदा दाबायचं आणि पडद्यावर काय बदललं ते पाहायचं. मोठं अक्षर बदललं, तर ते खेळ निवडायचं बटण. पुष्कळ मॉडेलांत हे काम उजवीकडचं मोठं गोल बटण करतं, ज्यावर ‘रोटेट’ लिहिलेलं असतं. स्पीडचा आकडा बदलला, तर ते वेगाचं बटण. लेव्हलचा बदलला, तर अवघडपणाचं. अक्षराजवळचा किंवा झलकेतला लहान आकडा बदलला, तर ते त्याच खेळाच्या उपप्रकाराचं. कोणतं बाण-बटण कोणत्या कामाला, हे कारखान्यागणिक वेगळं असतं. म्हणून कुणी सांगितलेली जोडी पाठ करण्यापेक्षा स्वतः एकदा तपासून घेतलेलं बरं. सगळं मनासारखं झालं की पुन्हा स्टार्ट दाबायचा. यंत्राच्या लेखी खेळ आत्ता सुरू होतो.

आता ९९९९ या आकड्याचा हिशेब करू, म्हणजे पुढे शोधताना निराशा होणार नाही. समजा यंत्रात मूळ खेळ आठच आहेत: विटा रचण्याचा, मोटारीचा, सापाचा, रणगाड्याचा, भिंत फोडण्याचा, रस्ता ओलांडण्याचा वगैरे. प्रत्येकाला दहा वेग, दहा पातळ्या आणि बारा उपप्रकार. आठ गुणिले दहा गुणिले दहा गुणिले बारा, म्हणजे ९६०० झाले. उपप्रकारही खरे असतात: कुठे विटा रचायला सुरुवात करण्याआधीच खाली काही रांगा भरलेल्या, कुठे खालून रांगा वर सरकणाऱ्या, कुठे सगळं उलटं. मोजणाऱ्याने या सगळ्या जोड्या मोजून खोक्यावर छापल्या. आत एक स्वस्तातला, चार बिटांचा मायक्रोकंट्रोलर आणि अवघ्या काही किलोबाइट्सची कायमची स्मृती आहे, हे लक्षात घेतलं तर तेवढ्या जागेत सात-आठ वेगळे खेळ बसवणं ही मोठीच कारागिरी आहे. ज्या अभियंत्यांनी ती केली त्यांची नावं त्या खोक्यांवर कुठेच नाहीत.

विटा रचण्याचा खेळ मात्र कुणाचा ते आपल्याला ठाऊक आहे. अलेक्सेई पाजित्नोव यांनी तो १९८४ मध्ये मॉस्कोत संगणकावर लिहिला आणि त्याचं नाव टेट्रिस. १९८९ मध्ये अमेरिकेत आणि १९९० मध्ये युरोपात निन्टेन्डोचा गेम बॉय आला तेव्हा त्याच्यासोबत टेट्रिसची कॅसेट दिली जात होती. हातात धरायचा गेम आणि पडणाऱ्या विटा ही जोडी जगभर जमली ती तिथपासून. आपल्याकडचे ब्रिक गेम त्याच लाटेतले, परवान्याविना बनलेले.

रंगीत पडद्याच्या ‘४०० इन १’ची कहाणी वेगळ्या वाटेने येते, आणि ती टीव्हीला जोडायच्या गेमपासून सुरू होते. जपानमध्ये १५ जुलै १९८३ रोजी निन्टेन्डोचा फॅमिकॉम विक्रीला आला. भारतात बहुतेक मुलांनी मूळ फॅमिकॉम कधी पाहिलाच नाही. त्यांच्या घरी आल्या त्या त्याच्या नकला किंवा त्याच्याशी जुळणारी यंत्रं. समुराई, मीडिया, लिटल मास्टर ही नावं नव्वदच्या दशकात वाढलेल्यांना आठवतील. कार्ट्रिजला आपण कॅसेट म्हणायचो आणि हातातल्या नियंत्रकाला रिमोट. उन्हाळ्याच्या सुट्टीत एका घरी टीव्ही, दुसऱ्याचा गेम आणि तिसऱ्याची ‘६४ इन १’ कॅसेट असा सहकार चाले. कोणता गेम कुठल्या पानावर आहे, हे तेव्हा गल्लीतल्या एखाद्या मोठ्या मुलाला तोंडपाठ असायचं आणि धाकट्यांना ते त्याच्याकडूनच कळायचं.

आमच्या भागात या वस्तू पोहोचण्याचा एक नैसर्गिक मार्ग होता, तो म्हणजे शेजारचं उल्हासनगर. दुसऱ्या महायुद्धातल्या लष्करी छावणीत फाळणीनंतर सिंधी निर्वासितांना वसवण्यात आलं आणि ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी यांच्या हस्ते या वसाहतीचं उल्हासनगर झालं. छावणीचे भाग आजही कॅम्प एक ते कॅम्प पाच याच नावांनी ओळखले जातात. सगळं गमावून आलेल्या माणसांनी इथे व्यापार आणि लहान कारखानदारी शून्यातून उभी केली. जी वस्तू मुंबईच्या बाजारात दिसेल ती इथे स्वस्तात मिळेल, अशी या गावाची ख्याती झाली. पुढे १ एप्रिल २००१ रोजी ग्राहकोपयोगी वस्तूंवरची उरलेली आयातबंधनं उठली आणि चिनी बनावटीची खेळणी देशभर मुबलक आली. आज कॅम्पांतल्या बाजारात किंवा अंबरनाथ स्टेशनच्या पूर्वेला दिसणारे ‘४०० इन १’ त्याच प्रवाहातले.

हे यंत्र उघडून पाहिलं तर आत फारसं काही दिसत नाही. एक हिरवी पाटी, रबराची बटणं, पडद्याची पट्टी आणि मधोमध काळ्या डांबरासारख्या पदार्थाचा थेंब. त्या थेंबाखाली एकच चिप आहे आणि फॅमिकॉममधला प्रोसेसर, चित्र काढणारी चिप आणि आवाजाचा भाग हे सगळं तिच्यात एकवटलेलं आहे. शेजारच्या स्मृतीत खेळ. चारशे खेळ म्हणजे केवढी जागा लागत असेल, असं वाटतं. पण जुन्या खेळांचे आकार पाहा. ज्याला आपण ‘टँक’ म्हणतो तो नाम्को कंपनीचा १९८५ चा ‘बॅटल सिटी’ २४ किलोबाइटचा. ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ ४० किलोबाइटचा. ‘काँट्रा’ त्यामानाने मोठा, १२८ किलोबाइटचा. सरासरी ४० धरली तर चारशे खेळांना १६ हजार किलोबाइट, म्हणजे साधारण १६ मेगाबाइट पुरतात. आजच्या मोबाइलवर काढलेल्या पाच-सहा फोटोंना एवढी जागा लागते.

यंत्र चालू केलं की पहिल्यांदा चालतो तो मेन्यू. मेन्यू हाही एक प्रोग्रामच, बाकीच्या चारशेंसारखा, फक्त सुरुवातीला त्याची पाळी लावून ठेवलेली असते. यादीत क्रमांक आणि नाव असतं. वर-खालीच्या बाणांनी एकेक नाव सरकतं आणि डाव्या-उजव्या बाणांनी अख्खं पान बदलतं. हे दुसरं अनेकांना कळत नाही. खाली, खाली, खाली करत दीडशेव्या खेळापर्यंत जाताना अंगठा दुखतो आणि कंटाळा येतो. समजा एका पानावर दहा नावं आहेत आणि तुम्हाला २३७ क्रमांकाचा खेळ हवा आहे. तो चोविसाव्या पानावर असणार. उजवा बाण तेवीस वेळा, खालचा सहा वेळा, आणि स्टार्ट. काही यंत्रांत पहिल्या पानावरून डावा बाण दाबला की थेट शेवटचं पान येतं. तसं असेल तर यादीच्या शेपटाकडचे खेळ गाठणं आणखी सोपं. यादी अकारविल्हे लावलेली नसते, नावं तोडलेली किंवा बदललेली असतात, आणि ‘बॅटल सिटी’ पुष्कळदा ‘टँक’ म्हणूनच सापडतो. म्हणून आवडलेल्या खेळाचा क्रमांक वहीत लिहून ठेवावा. नावावर विसंबू नये.

स्टार्ट दाबल्यावर आत जे घडतं, ते मला या सगळ्या विषयातलं सर्वांत सुंदर वाटतं. फॅमिकॉमच्या प्रोसेसरला एका वेळी खेळाचा फक्त ३२ किलोबाइटचा तुकडा दिसतो. स्मृतीत १६ मेगाबाइट भरलेले असोत की शंभर, त्याच्यासमोर तेवढाच भाग येतो. अंबरनाथच्या एकाच फलाटावर दिवसभरात कितीतरी लोकल येतात, पण एका वेळी उभी असते ती एकच. तसंच इथे आहे. चिपमधल्या एका नोंदीत आकडा लिहिला की त्या आकड्याचा खेळ प्रोसेसरसमोर येऊन उभा राहतो आणि आधीचा हलतो.

अडचण अशी की आधीचा म्हणजे खुद्द मेन्यूच. त्याने नोंदीत आकडा लिहिला त्याच क्षणी तो स्वतः प्रोसेसरसमोरून नाहीसा होणार, मग पुढची आज्ञा द्यायची कुणी? यावर प्रोग्रामरांनी काढलेला तोडगा असा: निघण्यापूर्वी मेन्यू आपल्या शेवटच्या चार-दोन आज्ञांची प्रत कामचलाऊ स्मृतीत, म्हणजे अवघ्या दोन किलोबाइटच्या रॅममध्ये ठेवतो. रॅम जागची हलत नाही. प्रोसेसर तिथल्या आज्ञा पाळू लागतो. पहिली आज्ञा: नोंदीत खेळाचा आकडा लिही. दुसरी: नव्या खेळाच्या शेवटच्या काही बाइट्समध्ये त्याच्या सुरुवातीचा पत्ता लिहिलेला आहे, तो वाच आणि तिथे जा. वीज नव्याने आली की प्रोसेसर याच ठिकाणचा पत्ता वाचतो. त्यामुळे खेळाच्या दृष्टीने यंत्र नुकतंच चालू झालेलं असतं आणि त्यात तो एकटाच असतो. १९८५ मध्ये लिहिणाऱ्याने तो तसाच लिहिला होता: एक कॅसेट, एक खेळ.

यातून वापरणाऱ्याच्या दोन मोठ्या शंका सुटतात. पहिली, खेळातून बाहेर कसं पडायचं? खेळाला मेन्यू नावाची गोष्ट ठाऊकच नाही, म्हणून त्याच्यात ‘मागे जा’ कुठेही सापडणार नाही. रिसेट हाच मार्ग. रिसेट दाबला की चिपमधली नोंद मूळ आकड्यावर येते आणि पुन्हा मेन्यू उभा राहतो. दुसरी शंका, कालचा स्कोअर कुठे गेला? तो त्या दोन किलोबाइटच्या रॅममध्ये होता, आणि वीज गेली की रॅम रिकामी होते. ब्रिक गेममध्ये मात्र बटणाने बंद केलं तरी चिपला सेलांतून किंचित वीज मिळत राहते, म्हणून सर्वोच्च स्कोअर टिकतो, आणि सेल काढले की पुसला जातो.

जुन्या कॅसेटींवर छापलेल्या अवाढव्य आकड्यांचं कोडंही इथेच उलगडतं. ‘९९९९९९९ इन १’ लिहिलेल्या कॅसेटीत अनेकदा खरे खेळ बोटांवर मोजण्याइतकेच असत. मेन्यू खेळाकडे जाताना रॅममध्ये एखादा आकडा ठेवून जाई, आणि तोच मारिओ वेगळ्या नावाने वेगळ्या पातळीपासून सुरू होई. हातातल्या ‘४०० इन १’मध्ये परिस्थिती पुष्कळ बरी आहे, बहुतेक खेळ खरोखर वेगळे असतात. पण हेही सांगितलं पाहिजे की यातले नामांकित खेळ मूळ कंपन्यांच्या परवानगीशिवाय भरलेले असतात.

खेळ लागला, शीर्षकाचा पडदा आला, तरी मुलं अडकतात. ‘एक खेळाडू’ आणि ‘दोन खेळाडू’ असे दोन पर्याय समोर असतात आणि बाण हलत नाही. त्या काळच्या खेळांत शीर्षकावर निवड करायची ती सिलेक्टच्या बटणाने, आणि सुरुवात स्टार्टने. सिलेक्टचं काम पुष्कळ खेळांत तिथेच संपतं, म्हणून ते बटण निरुपयोगी समजून कुणी दाबतच नाही. चुकून ‘दोन खेळाडू’ निवडलं गेलं आणि दुसरा रिमोट जोडलेला नसेल, तर मारिओत दुसऱ्याची पाळी आली की सगळं थिजल्यासारखं होतं आणि यंत्र बिघडलं अशी समजूत होते. रिसेट करून पुन्हा एक खेळाडू निवडा. ‘डक हंट’सारखे बंदुकीचे खेळही यादीत दिसतात. मूळ बंदूक जुन्या काचेच्या टीव्हीवर उमटणारा प्रकाश टिपून नेम ओळखायची. बटणांवर चालेल असा बदल करून भरलेला नसेल, तर हातातल्या यंत्रात तो खेळ लागतो, पण खेळता येत नाही.

‘काँट्रा’च्या शीर्षकावर मात्र बाणांचं काम आहे. वर, वर, खाली, खाली, डावा, उजवा, डावा, उजवा, बी, ए आणि स्टार्ट: तीनऐवजी तीस लाइफ. ही साखळी काझुहिसा हाशिमोतो यांनी १९८६ च्या ‘ग्रेडियस’ खेळाची चाचणी स्वतःला सोपी जावी म्हणून ठेवली होती, आणि ती काढायची राहून गेली. इंटरनेट नसताना ती जपानहून आपल्या गल्ल्यांपर्यंत मुलांच्या तोंडी पोहोचली. कितीतरी मुलांनी ती अक्षरओळख पक्की होण्याआधी पाठ केली होती.

हाच सगळा शोध मोबाइलवर मोठ्या माणसांनीही केला आहे. अंबरनाथहून छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस साठ किलोमीटर. या प्रवासात, चौथ्या सीटवर अर्धं टेकून, नोकियाच्या फोनवर साप वाढवणाऱ्यांची एक पिढी होऊन गेली. फिनलंडच्या तानेली आर्मान्तो यांनी लिहिलेला स्नेक १९९७ च्या नोकिया ६११० मध्ये पहिल्यांदा आला. २००३ च्या नोकिया ११०० मध्ये, त्या प्रसिद्ध टॉर्चसोबत, त्याची दुसरी आवृत्ती होती. मेन्यू, गेम्स, स्नेक, न्यू गेम: वाट सरळ होती. कंपनीने मेन्यूच्या प्रत्येक पायरीला क्रमांक दिला होता आणि तो पडद्याच्या कोपऱ्यात दिसायचा. तो लक्षात ठेवला तर न पाहताही खेळ लावता यायचा. आजच्या बटणांच्या काही फोनांत मात्र सांभाळा. तिथे काही खेळ फक्त चाखून पाहण्यापुरते दिलेले असतात आणि पुढे एसएमएस पाठवून पैसे भरायला सांगतात. लहान मुलाच्या हाती फोन देण्याआधी ते बघून घ्यावं.

कधी कधी खेळ मुद्दाम लपवलेलाही असतो. सेगाच्या मास्टर सिस्टम या यंत्राच्या अनेक प्रतींत गोगलगायीचा एक चक्रव्यूह कायमचा भरलेला होता. कॅसेट न लावता, वरचा बाण आणि एक-दोन ही दोन्ही बटणं दाबून धरत यंत्र चालू केलं की तो उघडायचा. निन्टेन्डोच्या स्विच या यंत्रातली गोष्ट हळवी करणारी आहे. कंपनीचे अध्यक्ष सातोरू इवाता ११ जुलै २०१५ रोजी वारले. तरुणपणी त्यांनी फॅमिकॉमसाठी ‘गोल्फ’ हा खेळ लिहिला होता. २०१७ मध्ये लोकांना आढळलं की स्विचच्या आत तो खेळ दडवलेला आहे. यंत्राच्या घड्याळात ११ जुलै तारीख असताना, दोन्ही हातांतले नियंत्रक इवाता बोलताना हात पुढे करत तसे हलवले, तरच तो सुरू व्हायचा. पुढच्या एका अद्ययावत आवृत्तीत तो काढून टाकण्यात आला.

वाट ठाऊक असूनही खेळ लागत नसेल, तर दोष बहुधा बटणात किंवा सेलात असतो. बटणाखाली रबराची टोपी आणि तिच्या पोटाशी वीज वाहणारी काळी टिकली असते. ती पाटीवरच्या दोन पट्ट्यांना टेकली की बटण दाबल्याची नोंद होते. आमच्याकडच्या पावसाळी दमटपणात तिथे मळ आणि बुरशी धरते. चार मळसूत्रं सोडून कापसाने आयसोप्रोपिल अल्कोहोल फिरवलं आणि वाळू दिलं, की स्टार्ट पुन्हा जागा होतो. मोबाइल दुरुस्तीच्या कुठल्याही टपरीवर हे दहा मिनिटांचं काम आहे. ब्रिक गेम कपाटात ठेवायचा असेल तर सेल काढून ठेवा. गळलेल्या सेलाने आतली स्प्रिंग खाल्ली की दुरुस्ती अवघड होते.

रंगीत यंत्रात अनेकदा बीएल-५सी घाटाची बॅटरी असते, तीच जी नोकिया ११०० मध्ये असायची. म्हणून ती सहज बदलता येते. पण ती लिथियमची आहे हे विसरू नये. २००७ मध्ये याच नमुन्याच्या ४ कोटी ६० लाख बॅटऱ्या चार्ज होताना तापू शकतात असा इशारा नोकियाने स्वतः दिला होता. स्वस्त नकली बॅटरी मुलाच्या हातातल्या वस्तूत घालू नये, फुगलेली तर क्षणभरही ठेवू नये, आणि रात्रभर चार्जिंगला लावून झोपू नये. भारतात २०१२ च्या आदेशापासून सक्तीच्या नोंदणीत व्हिडिओ गेमचाही समावेश आहे. त्यानुसार वस्तूवर भारतीय मानकाचा क्रमांक आणि इंग्रजी ‘आर’ने सुरू होणारा नोंदणी क्रमांक असायला हवा. जत्रेतल्या कितीतरी खोक्यांवर तो सापडत नाही. तो असेल तेच घ्यावं असं माझं स्पष्ट मत आहे, चार पैसे जास्त गेले तरी.

आणि पैसे देण्याआधी दुकानदाराला यंत्र चालू करायला सांगावं. यादीच्या शेवटच्या पानापर्यंत जाऊन तिथला एखादा खेळ लावून बघा, सुरुवातीची नावं तिथे पुन्हा आली आहेत का ते तपासा. शीर्षकावर सिलेक्ट चालतो का पाहा. मग रिसेट दाबा. मेन्यू परत आला, तर यंत्र घरी न्यायला हरकत नाही.